दुसऱ्यांदा विचारणाऱ्या बाई

आठवीपर्यंत मी आपल्या शाळेत पाणी पीत नव्हते. आमच्या वर्गातल्या बहुतेक मुली पीत नव्हत्या. मधल्या सुट्टीत डबा खायचा, घोटभर पाण्यानं घसा ओला करायचा आणि शाळा सुटली की दप्तर सांभाळत घर गाठायचं. लालबागच्या आमच्या चाळीतही संडास सगळ्यांचे मिळूनच होते, पण तिथे दाराला कडी तरी होती. शाळेत मुलींच्या संडासाची कडी निखळलेली. एकीनं आत जायचं, दुसरीनं बाहेरून दार धरायचं. पाळी आली की मुली चार दिवस घरीच राहायच्या.

हे आमच्या वर्गशिक्षिका बाईंनी शोधून काढलं. त्यांचं नाव मी लिहीत नाही. "माझं नाव कुठे छापायचं नाही," असं त्यांनी मला एकदा बजावलं होतं, आणि त्यांचं ऐकायची सवय अजून सुटलेली नाही. माझ्या वेळच्या मुलींना नाव लागणारही नाही.

हजेरीपटावर दर महिन्याला त्याच मुलींच्या नावापुढे गैरहजेरी दिसायची. बाईंनी विचारलं, "काय गं, बरं नव्हतं?" मी म्हटलं, "पोटात दुखत होतं." सगळ्या तेच म्हणाल्या. बाई काही बोलल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी शिवणाच्या तासाला माझ्या शेजारी बाकावर येऊन बसल्या. माझी टीप वाकडी गेली होती. कापड हातात घेऊन त्या टाके उसवायला लागल्या आणि मान वर न करता म्हणाल्या, "पोटात दुखतं, ते खरं. पण तशीच शाळेत आलीस, तर काय होतं?" मग मी सगळं सांगितलं. मागच्या बाकावरच्या दोघीही बोलायला लागल्या.

पुढच्या सोमवारी बाई लोहार चाळीतून कडी घेऊन आल्या. शिपाईमामा स्टुलावर चढले, बाईंनी स्टूल धरलं. कडी बसल्यावर बाई स्वतः आत गेल्या, कडी लावली आणि आतून मला ओरडून म्हणाल्या, "ढकल दार. जोरात ढकल." मी खांदा लावून ढकललं. दार हललं नाही.

१८ जानेवारी १९८२ ला गिरणी संप सुरू झाला तेव्हा मी दहावीत होते आणि परीक्षा मार्चमध्ये होती. वडील गिरणीच्या साचेखात्यात (कापड विणायच्या खात्यात), आई खानावळ चालवायची. संप लांबला तशी खानावळीत जेवणारी माणसं एकेक करून गावाला निघून गेली. त्या दिवसांबद्दल शाळेच्या अमृतमहोत्सवाच्या या स्मरणिकेत इतरांनी लिहिलं असेलच. बारावीनंतर मी नर्सिंगला गेले त्याचं साधं कारण म्हणजे शिकताना विद्यावेतन मिळायचं आणि राहायला होस्टेल होतं. "पोरीला बेडपॅन उचलायला पाठवता?" असं चाळीतल्या लोकांनी वडिलांना विचारलं. बाई घरी आल्या आणि वडिलांशी तासभर बोलल्या. १८९७ साली पुण्यात प्लेगच्या रोग्यांची सेवा करता करता सावित्रीबाई गेल्या, हे मी पुस्तकात वाचलं होतं. त्या दिवशी ते बाईंच्या तोंडून ऐकलं आणि वडिलांनी होकार दिला.

प्रशिक्षणानंतर महापालिकेच्या एका रुग्णालयात लागले. तिथली एक रात्र सांगते. पंचविशीची बाई, केसपेपरवर लिहिलेलं, 'घरात पाय घसरून पडली'. नाडी पाहायला मनगट धरलं तर वर दंडावर चार बोटांचे वळ, काळेनिळे. मी विचारलं, "कशी पडलीस?" ती म्हणाली, "मोरीत घसरले." सासू पलंगाशेजारीच बसलेली. मी पुढच्या पेशंटकडे गेले. पहाटे तीनच्या सुमाराला सासूचा डोळा लागला. तापमान घ्यायला परत गेले, थर्मामीटर लावला आणि तिथेच बसून राहिले. मग हळूच विचारलं, "मोरीत घसरलीस, बरं. त्याच्या आधी काय झालं?" ती रडायला लागली. डॉक्टरांना उठवून मी तिनं सांगितलेलं तिच्या शब्दांत केसपेपरवर लिहून घ्यायला लावलं आणि पोलिसांना कळवलं.

लिहून घ्यायचा हट्ट मी धरला, त्याला कारण होतं. केईएम रुग्णालयातल्या परिचारिका अरुणा शानबाग यांच्यावर २७ नोव्हेंबर १९७३ ला हल्ला झाला, हे आम्हाला होस्टेलमध्ये सीनियर मुलींनी सांगितलं होतं. हल्लेखोराला शिक्षा झाली ती चोरी आणि जीव घेण्याच्या प्रयत्नाबद्दल. लैंगिक अत्याचाराचा गुन्हा त्याच्यावर लागलाच नाही. जे कागदावर आलं नाही, ते कोर्टापुढे गेलं नाही. अरुणाताई २०१५ च्या मे महिन्यात गेल्या, तोवर जवळपास ४२ वर्षं केईएमच्या सिस्टर्सनी त्यांची शुश्रूषा केली. या शहरात माणुसकीचं याहून मोठं काम मला माहीत नाही.

मलाही एकदा नाइट ड्यूटीवर एका रुग्णाच्या नातेवाइकानं त्रास दिला होता. वरिष्ठांनी सांगितलं, "बोलू नकोस, तुझीच बदनामी होईल." मी गप्प राहिले. १९९७ साली कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाबद्दलची सर्वोच्च न्यायालयाची विशाखा मार्गदर्शक तत्त्वं आली. ती छापून आलेलं पान मी कापून कपाटाला आतून चिकटवलं.

२००० साली वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात महापालिका आणि सेहत संस्थेनं मिळून 'दिलासा' केंद्र सुरू केलं. घरात मार खाऊन आलेल्या बाईला जखमेवर मलमपट्टीबरोबरच समुपदेशन आणि कायद्याची मदत त्याच इमारतीत मिळावी, म्हणून. बाई पोलीस ठाण्यात जायला घाबरते, पण ताप आला म्हणून दवाखान्यात येते, आणि ती आली की आधी सिस्टरला भेटते, एवढी साधी गोष्ट त्यामागे होती. मी हे काम जवळून पाहिलं आणि माझी वाट ठरली. ड्यूटी संपली की वस्त्यांमधून जायला लागले. २००६ मध्ये कौटुंबिक हिंसाचाराचा कायदा लागू झाल्यावर चाळीचाळीतून बैठका घेतल्या.

बैठकीची वेळ ठरवायला मला दोन वर्षं लागली. संध्याकाळी सातला बोलावलं की पुरुष पुढे बसायचे आणि बायका दारात उभ्या राहायच्या. दुपारी अडीचला बोलावलं तर भांडी झालेली असतात, मुलं शाळेत असतात, नळाला पाणी यायला अवकाश असतो. तेव्हा बायका बसतात. एक तांदूळ निवडत असते, एकीच्या मांडीवर मूल असतं, आणि तिसऱ्या बैठकीला त्या बोलायला लागतात.

२०११ पासून मुंबईत 'राइट टू पी' मोहिमेनं जोर धरला. सार्वजनिक मुताऱ्यांत पुरुषांना पैसे पडत नसत आणि बायकांकडून मात्र घेतले जात. मी सह्या गोळा करायला उतरले तेव्हा आपल्या शाळेचं ते दार डोळ्यांसमोर होतं. त्याच सुमाराला राज्यानं स्थानिक स्वराज्य संस्थांत महिलांसाठी निम्म्या जागा राखीव केल्या आणि सोडतीत आमचा प्रभाग महिलांसाठी निघाला. वस्तीतल्या बायकांनी माझं नाव पुढे केलं. नोकरीचा राजीनामा देऊन २०१२ ची निवडणूक लढवली आणि निवडून आले. आपल्यासारखी गिरणगावातली पोर महापालिकेच्या सभागृहात बसली, याचा मला आजही अभिमान आहे. पाच वर्षं मी प्रभागातल्या शौचालयांच्या पाहणीला गेले की आधी कडी लावून बघायची, मग नळ, मग दिवा. कंत्राटदारांना सवय झाली. मी पोचायच्या आत ते कड्या बसवून ठेवायचे. २०१७ च्या निवडणुकीच्या सोडतीत प्रभाग खुला झाला आणि मला तिकीट मिळालं नाही. बैठका चालू आहेत.

२०२० च्या एप्रिलमध्ये तेव्हाच्या महापौर किशोरी पेडणेकर परिचारिकेचा गणवेश घालून नायर रुग्णालयात गेल्या. माझ्यासारख्याच त्या पूर्वी परिचारिका होत्या. तो फोटो पाहून मी माझा जुना गणवेश काढला, इस्त्री केली आणि विलगीकरण केंद्रात स्वयंसेविका म्हणून नाव दिलं.

बाई तोवर राहिल्या नव्हत्या. २०१२ च्या निकालाच्या रात्री मात्र त्यांचा फोन आला होता. "कसं वाटतंय?" म्हणाल्या. "छान वाटतंय, बाई." पलीकडे बराच वेळ शांतता. मग म्हणाल्या, "आणि?" मी बाल्कनीत जाऊन दार लावून घेतलं. मला जमेल की नाही याची भीती, घरातली कुरबुर, नोकरी सोडल्याची धाकधूक, सगळं त्यांच्याजवळ बोलले.

अमृतमहोत्सवाच्या बैठकीसाठी गेल्या महिन्यात शाळेत आले तेव्हा नववीच्या मुलींना भेटले. काही अडचण आहे का, असं विचारलं. "नाही मॅडम, सगळं छान आहे." मी डबा उघडून त्यांच्याबरोबर बाकावर बसले. सुट्टी संपता संपता एकीनं सांगितलं की दुपारनंतर संडासात पाणी नसतं आणि पॅड टाकायला डबा नाही.

माजी विद्यार्थ्यांच्या निधीतून प्रवेशद्वाराची कमान बांधायचं ठरतंय. माझी समितीला हात जोडून विनंती आहे की आधी मुलींच्या बाजूला वेगळी पाण्याची टाकी बसवावी, प्रत्येक संडासात झाकणाचा डबा ठेवावा आणि कमान उरलेल्या पैशांतून करावी. शाळा जूनमध्ये उघडते, तोवर हे काम होऊ शकतं. टाकीचा खर्च मी कार्यालयात जमा केला आहे. प्लंबर येईल त्या दिवशी मला कळवा, मी येते.