सरांच्या घरचा टीव्ही आणि रिचर्ड्सचा झेल

१९८३ साली मी आठवीत होतो. तोवर आमचं क्रिकेट कानांवरच चालायचं. बाळ ज. पंडितांचं मराठी समालोचन ऐकत मैदान मनात उभं करायचं. आदल्या वर्षी एशियाडच्या निमित्ताने दूरदर्शन रंगीत झालं होतं, पण खेळाच्या सरांकडचा संच कृष्णधवल. त्यावरच आम्ही पी. टी. उषाला धावताना पाहिलं आणि हॉकीच्या अंतिम सामन्यात पाकिस्तानकडून ७-१ असा मारही खाल्ला. सिंहगडाकडे तोंड केलेली अँटेना वाऱ्याने हलली की पडद्यावर मुंग्या यायच्या.

२५ जूनला शनिवार होता. सकाळची शाळा करून, जेवून आम्ही साडेतीनला सरांकडे हजर. क्रिकेट विश्वचषकाचा अंतिम सामना, वेस्ट इंडिजविरुद्ध, साठ षटकांचा. भारत १८३ सर्वबाद. पुढे त्यांचा फलंदाज व्हिव्ह रिचर्ड्स असा सुटला की बोलणंच बंद झालं. ३३ वर त्याने मदनलालला उंच फटका मारला आणि मिडविकेटवरून कपिल देव सीमारेषेकडे पाठमोरा धावत सुटला.

झेल झाला. आम्ही नाचत होतो, सर मात्र पडद्याजवळ सरकले. "त्याचे पाय पाहिलेत? चेंडूवरची नजर एकदाही काढली नाही त्याने!" सोमवारी मैदानावर तेच. सर डोक्यावरून चेंडू मागे फेकत, आम्ही वळून धावत झेल घ्यायचा. रेडिओवरून हे शिकताच आलं नसतं. माझ्या मते टीव्हीने आमच्या पिढीला दिलेली सर्वांत मोठी गोष्ट हीच: थोर खेळाडूचं शरीर कसं चालतं ते दिसलं.

म्हणूनच त्याआधीच्या शनिवारची हळहळ आजही वाटते. त्याच विश्वचषकात, १८ जूनला, इंग्लंडमधल्या टनब्रिज वेल्सला झिंबाब्वेविरुद्ध भारत ५ बाद १७. तिथून कपिलच्या नाबाद १७५, किरमाणीबरोबर नवव्या विकेटसाठी अभेद्य १२६ धावा. त्या खेळीचं चित्रीकरणच नाही. सरांनी वर्तमानपत्रातला वृत्तान्त वर्गात मोठ्याने वाचून दाखवला, तेवढीच आमच्याकडे ती खेळी.

शाळेला माझी एक विनंती आहे. आंतरवर्गीय सामने दरवर्षी नीट चित्रित करा आणि जपून ठेवा, मुलींच्या खो-खोचेसुद्धा. कॅमेऱ्याचा खर्च आमची तुकडी आनंदाने उचलेल.