फळ्यावरचा तिसरा रकाना

अमृतमहोत्सवी स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून पाठवा, असा निरोप आला आणि मनात आलं ते सगळं शास्त्राच्या बाईंबद्दलच. बाकीच्या गुरुजनांचं ऋण थोडं नाही, पण त्यांच्यावर इतर बॅचचे लोक लिहितीलच. बाईंचं नावही मी लिहीत नाही. आपल्या शाळेत 'शास्त्राच्या बाई' म्हटलं की दुसरं कोणी डोळ्यांसमोर येतच नाही.

सहावीला आम्हाला 'सजीवांची लक्षणे' हा धडा होता. वाढ, हालचाल, श्वसन, पोषण, उत्सर्जन, प्रजनन, चेतनाक्षमता, पेशींनी बनलेलं शरीर. शेजारच्या तुकडीत ही यादी पाढ्यासारखी घोकून घेतली जायची, भिंतीपलीकडून ऐकू यायची. बाईंनी आम्हाला ती लिहूनच दिली नाही. त्यांनी फळ्यावर तीन रकाने आखले. पहिल्यावर लिहिलं 'सजीव', दुसऱ्यावर 'निर्जीव' आणि तिसऱ्यावर 'ठरायचंय'.

गाय, माणूस, लिंबाचं झाड पहिल्यात गेलं. दगड, खुर्ची, डस्टर दुसऱ्यात. मग बाईच एकेक नाव काढू लागल्या. मेणबत्तीची ज्योत? ती मोठी होते, हवा कोंडली की विझते, एकीपासून दुसरी पेटते. तुरटीच्या दाट द्रावणात दोऱ्याने सोडलेला तुरटीचा खडा? तोही दिवसेंदिवस वाढतो. खेचराला सहसा पिल्लं होत नाहीत, मग ते निर्जीव का? विरजण? कोरडा हरभरा? तिसरा रकाना खालपर्यंत भरला. त्यातलं नाव बाहेर काढायचं तर कारण द्यायचं, अशी अट. खड्याचं कारण आम्हाला त्यातल्या त्यात लवकर सापडलं: त्याच्यावर बाहेरून थर चढतात, सजीव आतून वाढतो. ज्योतीला पेशी नाहीत, आणि ती जे जाळते त्यातून स्वतःचं अंग बांधत नाही. खेचराच्या पेशी विभागतात, त्याची जखम भरून येते, तेव्हा एक लक्षण नसलं म्हणून बिघडत नाही. हरभरा मात्र अडून बसला.

त्या हरभऱ्याची हकीकत जरा सविस्तर सांगते, कारण माझं पुढचं सगळं आयुष्य त्यातून निघालं.

बाईंनी हॉर्लिक्सच्या तीन रिकाम्या बाटल्या घेतल्या. एकीत मोड आलेले हरभरे, दुसरीत उकडून गार केलेले, तिसरीत कोरडे. प्रत्येक बाटलीत इंजेक्शनची छोटी उघडी बाटली ठेवली आणि तिच्यात चुन्याची निवळी. चुना एका मुलाने आजोबांच्या चंचीतून आणला होता. बाईंनी तो पाण्यात कालवून रात्रभर बसू दिला आणि वरचं स्वच्छ पाणी फडक्यातून गाळून घेतलं होतं. झाकणांच्या कडा मेणाने बंद केल्या. श्वसनात कार्बन डायऑक्साइड बाहेर पडत असेल तर निवळी दुधाळ होईल, एवढंच त्यांनी सांगितलं.

दुसऱ्या दिवशी प्रार्थनेआधीच आम्ही प्रयोगशाळेच्या खिडकीला चिकटलो होतो. मोडांच्या बाटलीतली निवळी पांढरी झाली होती, उकडलेल्यांची आणि कोरड्यांची नितळ. म्हणजे या परीक्षेत कोरडा हरभरा आणि मेलेला हरभरा एकाच पंगतीला बसले. वर्गात वादावादी झाली. बाई म्हणाल्या, "बाटल्यांना हात लावू नका, बघत राहा."

पुढे दोन-तीन दिवसांत उकडलेल्या हरभऱ्यांची निवळीही पांढरी झाली. मागच्या बाकावरून कोणीतरी ओरडलं, "बाई, उकडलेले जिवंत झाले!" सगळा वर्ग हसला. बाई हसल्या नाहीत. त्यांनी त्या मुलाला पुढे बोलावलं, त्याच्याच हाताने झाकण उघडायला लावलं. आंबूस वास आला, आणि दाण्यांवर कापसासारखी पांढरी लव दिसली. बाईंनी सुईने त्यातली चिमूटभर काचपट्टीवर घेतली, पाण्याचा थेंब टाकला, वर आच्छादक काच ठेवली आणि आरशाचा तो जुना सूक्ष्मदर्शक खिडकीच्या उजेडात धरला. आम्ही एकेकाने डोळा लावला. एकमेकांत गुंतलेले धागे आणि काहींच्या टोकांना गोल डोकी. "श्वास कोण घेतंय ते कळलं का?" बाईंनी विचारलं. हरभरा मेलेलाच होता. त्याच्यावर बुरशी जगत होती.

मग प्रयोग पुन्हा मांडला. या वेळी उकडलेल्या दाण्यांवर बुरशी धरू नये म्हणून बाईंनी नमुन्यांच्या कपाटातल्या जंतुनाशक फॉर्मेलिनचे थेंब स्वतः टाकले. ती निवळी शेवटपर्यंत नितळ राहिली. त्या दिवशी फळ्यावर दोन नावं आली. 1668 मध्ये फ्रान्सिस्को रेडीने मांसाची भांडी कापडाने झाकून दाखवलं, की अळ्या मांसातून होत नाहीत, माश्यांच्या अंड्यांतून होतात. आणि पुढे सुमारे दोनशे वर्षांनी लुई पाश्चरने वाकड्या मानेच्या चंबूत उकळलेलं सूप ठेवलं. हवा आत जात राहिली, धूळ मानेत अडकली, सूप नासलं नाही. सजीव सजीवापासूनच होतो, हे आम्ही हरभऱ्यावर बघून मग ऐकलं, म्हणून ते आजवर विसरले नाही.

कोरड्या बाटलीतले दाणे बाईंनी शेवटी सगळ्यांसमोर भिजत घातले. त्यांना मोड आले. "ह्यांचाही श्वास चालूच होता," त्या म्हणाल्या, "पण इतका मंद, की आपल्या निवळीला तो कळला नाही." हरभरा पहिल्या रकान्यात गेला.

मी आज बीज परीक्षण प्रयोगशाळेत काम करते. खरीप तोंडावर आला की आमच्याकडे सोयाबीनच्या नमुन्यांचा ढीग पडतो. सोयाबीनचं साल पातळ. मळणीत मार लागला, पोती उंचावरून आपटली, की आतला अंकुर दुखावतो आणि वरून दाणा टपोराच दिसतो. प्रमाणित बियाण्याला किमान 70 टक्के उगवण लागते. ओल्या कागदात दाणे गुंडाळून उगवण मोजायची तर सोयाबीनला आठ दिवस जातात. घाई असेल तेव्हा आम्ही टेट्राझोलियमची चाचणी घेतो. दाणा रात्रभर भिजवून उभा चिरायचा आणि त्या रंगहीन द्रावणात ठेवायचा. जिवंत पेशींच्या श्वसनक्रियेने द्रावणातून लाल रंग तयार होतो, मेलेला भाग पांढरा राहतो. अंकुराचं टोक पांढरं दिसलं की त्या दाण्याचं रोप होणार नाही. बाईंच्या निवळीला जो श्वास कळला नव्हता, तोच मी रोज लाल रंगात बघते. गावोगावी शेतकऱ्यांना गोणपाटात शंभर दाणे गुंडाळून घरच्या घरी उगवण तपासायला शिकवते, तेव्हा तोंडून बाईंचीच वाक्यं येतात.

करोनाच्या काळात बॅचच्या ग्रुपवर विषाणू सजीव की निर्जीव यावर वाद पेटला. मी बाईंना फोन केला. वय झालेलं, आवाज तोच. 1935 मध्ये स्टॅन्ले या अमेरिकी शास्त्रज्ञाने तंबाखूवरच्या विषाणूचे स्फटिक केले होते, हे त्यांना तोंडपाठ होतं. पेशीबाहेर ना श्वसन, ना पोषण. पेशीत शिरला की तिच्याकडूनच स्वतःच्या प्रती काढून घेतो. "तिसऱ्या रकान्यात ठेव," त्या म्हणाल्या. "तिथे राहणं कमीपणाचं नाही."

मागच्या वर्षी शाळेत आले होते. प्रयोगशाळेच्या जागी आता संगणककक्ष आहे. पडद्यावर पेशी फार सुंदर दिसतात, मुलं हुशार आहेत, निकालही उत्तम लागतो. पण एकाही मुलाने कांद्याचा पापुद्रा स्वतः सोलून काचपट्टीवर ठेवलेला नव्हता, याचं मला मनापासून वाईट वाटलं. आपल्याला बाईंनी जे दिलं ते या मुलांनाही मिळायला हवं.

संचालक मंडळाला माझी विनंती आहे की महोत्सवाच्या निधीतून एक खोली पुन्हा प्रयोगशाळेसाठी द्यावी. दोन सूक्ष्मदर्शक मी देते. काचपट्ट्या, आयोडीन आणि दरवर्षीचे हरभरेही माझ्याकडून. श्रावणात आमच्याकडचं काम थोडं हलकं होतं. तेव्हा रजा काढून सहावीच्या वर्गावर यायची माझी तयारी आहे. मुख्याध्यापकांनी तारीख कळवावी.