पायपेटीवर ‘ऑटम लीव्ह्ज’

कुडाळ-वेंगुर्ल्याकडे दशावतारात पायपेटी वाजते, आणि जॅझचं हे गाणं बसवायला तीच पेटी हवी. हातपेटीवर डावा हात भात्यात गुंततो. इथे भाता पायांनी चालतो, त्यामुळे उजवीकडे चाल आणि डावीकडे कॉर्ड, म्हणजे एकदम वाजणारे स्वर, असं दोन्ही एकट्याला जमतं.

चाल जोसेफ कोस्मा यांची, मूळ फ्रेंच शब्द झाक प्रेव्हेर यांचे, इंग्रजी शब्द नंतर जॉनी मर्सर यांनी लिहिले. षड्ज पांढरी पाचला धरा. ग, ध, नि कोमल. शुद्ध असेल तिथे तसं लिहिलं आहे.

सा रे ग – ध. नि सा रे – प. ध नि सा – म. प्रत्येक वेळी तीन स्वर चढायचे, मग एक उडी. पुढचा तुकडा एक स्वर खालून सुरू. चौथा मात्र प, शुद्ध ध, शुद्ध नि – ग. सवयीने इथेही कोमल ध-नि लागतात आणि मग पंचमाची कॉर्ड चालीशी भांडते.

डाव्या हाताला पूर्ण कॉर्ड नकोच. पेटीच्या खालच्या पट्ट्यांवर चार स्वर एकदम दाबले की नुसता गोंगाट होतो. खर्जाचा स्वरसंच बंद करा आणि चालीच्या बऱ्याच खाली फक्त दोन-दोन स्वर धरा, चार मात्रांना एक जोडी: ध–ग, ध–रे, प–रे, प–सा, म–सा, म–शुद्ध नि, ग–सा. शेवटची जोडी सोडली तर दर वेळी एकच बोट हलतं, तेही एक स्वर खाली. या गाण्याची सगळी गंमत त्या सरकत्या बोटात आहे. पावसाळ्यात लाकूड फुगून पट्टी अडकली की आधीचा स्वर वाजतच राहतो आणि जोडी बिघडते, तेव्हा आधी पट्ट्या तपासा. तानपुऱ्याचं यंत्रही बंद ठेवा. शुद्ध निषादाखाली अखंड षड्ज वाजला तर तो खुपतो.

चार मात्रांचं एक माप. एक आवर्तन ३२ मापांचं, म्हणजे १२८ मात्रांचं. मुखडा दुसऱ्या मात्रेवरून उचलायचा, चौथा स्वर समेवर आणि तो पाच मात्रा लांबवायचा. चारच मोजल्या तर पुढची सगळी ओळ एक मात्रा आधी येते. भजनातला केरवा वाजवणारा समेवर थाप देतो. इथे वजन दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर. तबलजीला हे आधीच सांगून ठेवा. २७ आणि २८ व्या मापांत कॉर्ड दोन-दोन मात्रांनी बदलतात. सुरुवातीला तिथे षड्जाचीच कॉर्ड धरली तरी निभावतं.

ऐकायला आधी सॅक्सोफोनवादक कॅननबॉल ॲडरलीच्या १९५८ च्या ‘समथिंग एल्स’ अल्बममधलं हे गाणं घ्या. ते पांढरी पाचलाच आहे, म्हणून पेटी घेऊन सोबत बसता येतं. त्यात माइल्स डेव्हिस म्यूट (आवाज दबवणारं बूच) लावलेल्या ट्रम्पेटवर चाल अगदी सरळ मांडतो. तुकडे पाठ करायला याहून चांगलं काही नाही. रॉजर विल्यम्सने पियानोवर वाजवलेलं हेच गाणं १९५५ मध्ये अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेलं होतं, पण त्यात कसरतच जास्त. पियानोवादक बिल एव्हान्सचं १९५९ चं ध्वनिमुद्रण मात्र घाईने ऐकू नका. स्कॉट लाफारोचा बास ठेका धरून न बसता पियानोशी सवाल-जवाब करतो, आणि बोटांवर मापं मोजली नाहीत तर आवर्तन कुठे सुरू झालं तेच कळत नाही.