तुम्ही विचारलंत म्हणून: हसवणाऱ्यानं महोत्सव का भरवावा?

"स्टेजवर हसवायचं सोडून मांडवाच्या भानगडीत कशाला पडायचं?" मालवण-रत्नागिरीकडची नवी विनोदी मंडळी हे हमखास विचारतात.

एक कारण पैशाचं. नुसत्या नाईटवर, म्हणजे एकेका प्रयोगाच्या मानधनावर, वर्ष निघत नाही. कोकणात उघड्यावरचा हंगाम दिवाळीनंतरचा, तो मे सरता सरता आटोपतो. त्यातल्या जत्रेच्या रात्री दशावताराच्या, शिमगा नमन-खेळ्यांचा. उरलेल्या शनिवार-रविवारी कुणाच्या बोलावण्याची वाट बघण्यापेक्षा मांडव आपणच घातलेला बरा. यात नवीन काही नाही. 1980 साली रंगमंचावर आलेल्या आणि 5000 च्या वर प्रयोग झालेल्या 'वस्त्रहरण' या मालवणी नाटकातले तात्या सरपंच, म्हणजे मच्छिंद्र कांबळी, 'भद्रकाली प्रॉडक्शन'चे निर्मातेही होतेच की!

दुसरं कारण मोठं. चांगला विनोद कशानं पडतो, ते तो करणाऱ्याला आधी कळतं. मांडववाल्याला नाही.

घड्याळ उलटं मोजा. लाऊडस्पीकर रात्री 10 ला बंद. 12 पर्यंतची सूट वर्षाला जास्तीत जास्त 15 दिवस, आणि ते दिवस सणासुदीलाच संपतात. तिघांना 15-15 मिनिटं, शेवटच्याला 40, निवेदकाची चार वेळा 5, मध्यंतर 15. झाले दोन तास. साडेसातला सुरू केलं तर साडेनऊला मोकळे. कागदावर!

कारण मध्ये सत्कार येतात. शाल, श्रीफळ, फोटो मिळून माणशी 2 मिनिटं धरली तरी 15 जणांचा अर्धा तास गेला. गाऱ्हाण्याला, म्हणजे देवाला घातलेल्या मालवणी साकड्याला, हात लावू नका; ते पाच मिनिटांत होतं, आणि 'व्हय म्हाराजा' म्हणता म्हणता प्रेक्षकांचा घसा मोकळा होतो. सत्कारानं मात्र माणसं थंड पडतात. ते मध्यंतराच्या तोंडावर ठेवावेत. लांबलेच तर चहाची वेळ खातील, शेवटच्या कलाकाराची नाही. पाहुण्यांचे कोच बाजूला लावा. समोर रिकामा कोच दिसला की बोलणाऱ्याचा जीव जातो, आणि हशा खुर्चीला खुर्ची लागली तरच पसरतो. स्टेज ते पहिली रांग, पाच-सहा फूट पुरे.

आवाजाचं गणित गाण्याहून वेगळं. ठेका थोडा गढूळ ऐकू आला तरी चालतो, पण विनोदातला शेवटचा शब्द निसटला तर सगळंच गेलं. 20 मीटर मागे जादा स्पीकर लावलात, तर स्टेजवरचा आवाज तिथे पोचायला साधारण 58 मिलिसेकंद लागतात. मिक्सरवर मागच्या स्पीकरला तेवढा डिले, म्हणजे उशीर, दिला नाही, तर मागच्यांना प्रत्येक शब्द दोनदा ऐकू येतो. ते हसत नाहीत, शेजाऱ्याला विचारतात, "काय म्हणालो तो?" वाऱ्यासाठी माइकला स्पंज हवाच, आणि 100 हर्ट्झच्या खालचा आवाज मिक्सरवर कापून टाका.

जनरेटरची गंमत किनाऱ्यालाच कळते. संध्याकाळी पाचला चाचणी घेता तेव्हा खारं वारं समुद्राकडून वाहत असतं, म्हणून मांडवाच्या पूर्वेला ठेवलेला जनरेटर ऐकूच येत नाही. रात्र चढली की मतलई, म्हणजे जमिनीकडून समुद्राकडे जाणारं वारं, सुटते आणि तीच घरघर थेट प्रेक्षकांत येते. जनरेटर उत्तरेला किंवा दक्षिणेला, एखाद्या गडग्याआड, म्हणजे दगडी कुंपणाआड, ठेवावा. जानेवारीत दंव पडतं, तेव्हा मिक्सरवर छप्पर हवं. पावसाळ्यात हौस असेल तर रत्नागिरीचं सावरकर नाट्यगृह किंवा मालवणचं मामा वरेरकर नाट्यगृह गाठा. डोक्याचा अर्धा ताप कमी.

हिशेब असा मांडा की 60 टक्के खुर्च्या भरल्या तरी खर्च निघेल. प्रायोजकाचा शब्द जमेत धरू नका, चेक वटला की धरा. कलाकाराला अर्धी नाईट तारीख ठरताना द्यायची, उरलेली तो मेकअपला बसण्याआधी. गल्ला मोजायच्या आधी.