राणीच्या मिरवणुकीत मी काय पाहतो

‘त्या शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या मुक्या फिल्म्स तुम्ही पुन्हा पुन्हा का बघता? नुसते घोडेस्वार तर जातात!’ तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो: मी घोडेस्वारच पाहतो.

२२ जून १८९७. व्हिक्टोरिया राणीच्या कारकिर्दीला साठ वर्षं झाली, म्हणून लंडनमध्ये मिरवणूक निघाली. वाटेवर ठिकठिकाणी कॅमेरे लागले होते. तेव्हाच्या रिळात जेमतेम मिनिटभराचं चित्रण मावायचं आणि मिरवणूक तर केवढी लांब! राणीची बग्गी नेमकी कधी समोर येणार, हे हँडल फिरवणाऱ्यानं अंदाजानं ठरवायचं. त्यामुळे कित्येक रिळांत दिसतं ते घोडदळच. रॉबर्ट पॉल या सुरुवातीच्या काळातल्या इंग्रज चित्रपटकारानं तर या मिरवणुकीसाठी ट्रायपॉडवरचा कॅमेरा आडवा वळवता येईल अशी खास योजना केली होती. जाणाऱ्या स्वारांमागे नजर वळवणं कॅमेऱ्याला त्यातून जमू लागलं. मला हे फार मोलाचं वाटतं. राणीची शोभा वाढवायला नेमलेली माणसं इथे स्वतःच बघण्याचा विषय होतात.

मग काहीजण जरा रागानं विचारतात, ‘साम्राज्याचा थाट बघून बरं वाटतं का?’ नाही वाटत. त्याच तारखेच्या रात्री पुण्यात, राणीच्या याच जुबिलीचा समारंभ आटोपून गणेशखिंडीतून परतणाऱ्या प्लेग अधिकारी रँडवर चापेकर बंधूंनी हल्ला केला. प्लेगच्या झडत्यांनी पोळलेलं पुणं आणि लंडनचा झगमगाट, दोन्ही एकाच दिवसाचे. लंडनच्या मिरवणुकीत हिंदुस्थानी घोडदळाचे अधिकारीही होते. आपल्या मुलखात काय चाललंय हे त्यांच्या मनात असेल का, हा विचार माझा पिच्छा सोडत नाही. सरकारी वर्णनांत त्यांचे गणवेश आणि क्रम सापडतो. माणूस घोड्यावर कसा बसला होता, लगाम कसा धरला होता, हे मात्र फिल्मच दाखवते. म्हणून ती जपली पाहिजे, थाट कोणाचाही असो.

पाहणार असाल तर वेगाकडे लक्ष द्या. हातानं फिरवलेल्या त्या फिल्म्स बहुधा सेकंदाला सोळा-अठरा चित्रांच्या वेगानं टिपलेल्या असतात. आजच्या चोवीसच्या वेगानं लावल्या की घोडे टुणटुण उडतात आणि बघणारे हसतात. वेग पाऊणपट करा. मग दुडकी दुडकीसारखी दिसते.