०.६३

प्रदर्शनाचं उद्घाटन संध्याकाळी सहाला, आणि दुपारचे तीन वाजले तरी माझंच काम मला ओळख दाखवेना.

मांडणी साधी होती. अंधारी खोली, एक कॅमेरा, भिंतभर पडदा. मी समोर उभी राहिले की माझे जुने व्हिडिओ, आवाज, पत्रं उलगडत जायची. दुसरं कुणी आलं की जुन्या टीव्हीसारख्या नुसत्या मुंग्या. माझ्या आठवणींना माझ्याच चेहऱ्याचं कुलूप, अशी कल्पना.

ओळखीचं काम डीलिब या मोफत मिळणाऱ्या प्रणालीकडे होतं. ती चेहऱ्यावरचे ठिपके शोधते, चेहरा सरळ करून १५० बाय १५० पिक्सेलच्या चौकटीत बसवते आणि त्याचे १२८ आकडे करते. दोन चेहऱ्यांच्या आकड्यांमधलं अंतर ०.६ च्या आत आलं तर माणूस एकच. माझं येत होतं ०.६३.

आधी संशय उजेडावर. प्रोजेक्टर तोंडावर येत होता, तो वळवला. चष्मा काढला, केस मागे बांधले. ०.६२. श्वास रोखून उभी राहिले, पुन्हा ०.६३. लिन हर्शमन लीसन या कलावतीने १९७० च्या दशकात रॉबर्टा ब्राइटमोर नावाची काल्पनिक बाई जगून दाखवली, तिच्या नावाचं ड्रायव्हिंग लायसन्ससुद्धा काढलं. नसलेल्या बाईला ओळख मिळाली, आणि मी इथे हाडामांसाची उभी!

तेवढ्यात धाकटी बहीण एक्स्टेंशन बोर्ड घेऊन आत आली. कॅमेऱ्यासमोरून गेली आणि भिंतीवर माझं कॉलेजातलं नाटक सुरू झालं.

"ताई, हे तर मला ओळखतंय!"

लॅपटॉपवर ०.५५.

नोंदवलेले फोटो उघडून बघितले. वीसच्या वीस नऊ वर्षांपूर्वीचे. त्यात मी बरी दिसते म्हणून निवडलेले, खोटं कशाला बोलू? बहीण माझ्याहून नऊ वर्षांनी लहान. फोटोतल्या माझ्या वयाची आज ती आहे.

सोपा उपाय हाताशी होता: ०.६ चं ०.६५ करायचं. केलं. मी आत आले, पण पाठोपाठ दारावरची स्वयंसेविकाही 'मी' ठरली. तिला माझ्या पत्रातली पहिली ओळ मोठ्या आवाजात ऐकू आली आणि ती बिचारी ओशाळून बाहेर पळाली. आकडा परत ०.६ वर आणला. नवे फोटो काढायला पाच मिनिटं पुरली असती. काढलेही, पण प्रणालीत घातले नाहीत.

अंतराचा आकडा प्रेक्षकांना दिसू द्यायचा नाही असं आधी ठरवलं होतं. तो आता पडद्याच्या कोपऱ्यात ठळक लावला.

"सहाला समोर तूच उभी राहा," मी बहिणीला म्हटलं.

"आणि तू?"

"मी मुंग्या बघते."