उड्डाणानंतरचे पहिले मिनिट

विमानाने धावपट्टी सोडली की पोटात गोळा येतो, पायाखाली धप्प असा आवाज होतो आणि थोड्याच वेळात इंजिनांचा घोष एकाएकी उतरतो. या क्षणाची मला कित्येक वर्षे धास्ती होती. इंजिने बंद पडत आहेत असेच वाटायचे आणि मी हवाई सेविकेचा चेहरा निरखत बसायचो. पुढे कळले, की जमीन सोडण्यासाठी लागणारा जोर पुढच्या चढाईला लागत नाही, म्हणून ठरावीक उंचीवर इंजिनांची शक्ती मुद्दाम कमी केली जाते. चढणही त्याच सुमारास सौम्य होते, आणि शरीराला मात्र आपण खाली जात आहोत असा भास होतो. आधीचा तो धप्प आवाज चाके आत गेल्याचा.

हे सांगायला दोन वाक्ये पुरतात, तरी ते कोणी सांगत नाही. विमानप्रवासात सूचना भरपूर मिळतात, कारणे क्वचितच मिळतात, आणि प्रवाशाची निम्मी भीती त्यातूनच येते असे माझे ठाम मत आहे. उतरताना खिडकीची झडप उघडायला लावतात, ती बाहेर आग लागलीच तर ती कोणत्या बाजूला आहे हे दिसावे म्हणून. रात्री उतरताना दिवे मंद करतात, ते अंधारात बाहेर पडावे लागलेच तर डोळ्यांना त्याची सवय असावी म्हणून.

सुरक्षा तपासणीत तर कारण पूर्णच हरवते. द्रवपदार्थांवर 100 मिलिलिटरची मर्यादा आली ती 2006 साली लंडनहून निघणारी विमाने द्रव स्फोटकांनी उडवून देण्याचा कट उघडकीस आल्यानंतर. पण मोजले जाते ते बाटलीचे माप. माझ्यापुढच्या एका वृद्ध गृहस्थांच्या 200 मिलिलिटरच्या बाटलीत तळाशी बोटभर तेल उरले होते. ते त्यांनी पुन्हापुन्हा उजेडात धरून दाखवले. बाटली रांगेशेजारच्याच पिंपात गेली, भर गर्दीत. ती खरोखर धोक्याची असती, तर तिथे ठेवली असती का? त्यांचा ओशाळलेला चेहरा मला अजून आठवतो.

गेल्या प्रवासात शेजारच्या बाईंनी खुर्चीचा हात घट्ट धरला होता. “आता आवाज कमी होईल, तो मुद्दाम केलेला असतो,” असे मी त्यांना आधीच सांगितले. आवाज उतरला. त्यांनी माझ्याकडे पाहिले, मुठी सैल केल्या आणि विचारले, “उतरताना चाकांचा आवाज पुन्हा येतो का हो?”